पन्नास वर्षांचं म्हातारपण

चिशू ऱ्यू. नाव अवघड वाटत असेल तर 'वाऱ्या'तला ऱ्य घ्या आणि त्याला ऊकार द्या, झालं! जपानी सिनेमा पाहायला लागलं की या माणसाला चुकवता येत नाही. यासुजिरो ओझूच्या जवळजवळ प्रत्येक चित्रपटात तो असतो आणि बहुतेक वेळा कुणाचा तरी बाप असतो.

'टोकियो स्टोरी' (१९५३) पाहिला तेव्हा त्यातले सत्तरीचे आजोबा मला अगदी खरे वाटले. नंतर सनावळ्या पाहिल्या आणि उडालोच. ऱ्यूचा जन्म १९०४चा, म्हणजे तेव्हा वय ४९! त्याचा थोरला मुलगा झालेला सो यामामुरा त्याच्यापेक्षा जेमतेम सहा वर्षांनी लहान. बायको झालेल्या चिएको हिगाशियामा मात्र त्याच्याहून जवळजवळ चौदा वर्षांनी मोठ्या.

क्यूशू बेटावरच्या कुमामोतोकडच्या एका बौद्ध मंदिराच्या पुजाऱ्याचा हा मुलगा. वडिलांची गादी चालवायची सोडून १९२५ साली शोचिकू कंपनीच्या स्टुडिओत शिरला. पुढची दहाएक वर्षं गर्दीतली आणि किरकोळ कामं केली. गावाकडचा हेल शेवटपर्यंत गेला नाही. पहिली मुख्य भूमिका मिळाली १९४२ साली, 'देअर वॉज अ फादर'मध्ये, आणि तीही कर्त्या मुलाच्या बापाची. तेव्हापासून जे म्हातारपण लागलं ते पन्नास वर्षं पुरलं.

तो करतो काय? म्हटलं तर काहीच नाही. बसतो, किंचित हसतो, 'असं होय' म्हणतो. 'लेट स्प्रिंग'च्या (१९४९) शेवटी मुलीचं लग्न लावून एकटा घरी आलेला बाप सफरचंद सोलत बसतो. ओझूला तिथे त्याने हमसून रडायला हवं होतं. ऱ्यूने सांगितलं, ते मला जमणार नाही. मग नुसती साल गळून पडते आणि मान खाली जाते. बस्स.

डिसेंबर १९६३मध्ये ओझू गेला. आता याचं काय, असं कुणालाही वाटलं असतं. पण १९६९पासून 'तोरा-सान'च्या लोकप्रिय चित्रपटमालिकेत तो शिबामाताच्या मंदिरातला वडीलधारा पुजारी झाला आणि १९९२पर्यंत ते काम करत राहिला. घरचं मंदिर सोडलेला मुलगा अख्ख्या देशाचा पुजारी झाला म्हणायचा! १९८७ साली, वयाच्या ८३व्या वर्षी, तायची यामादाने लिहिलेल्या 'केसा नो आकी' या टीव्ही-नाटकात तो मरणाला टेकलेल्या मुलाला इस्पितळातून उचलून डोंगरातल्या आपल्या घरी नेतो. सोडून गेलेली बायको तिथे परत येते, आणि ती असते हारुको सुगिमुरा, 'टोकियो स्टोरी'तली त्याची मुलगी! कुरोसावाच्या 'ड्रीम्स'मध्ये (१९९०) तो १०३ वर्षांचा झाला. प्रत्यक्षात १९९३ साली गेला, तेव्हा ८८ वर्षांचा होता.

परदेशात राहणाऱ्याला हा माणूस जरा जड जातो. 'टोकियो स्टोरी'त आई-बाप दूरच्या गावाहून मुलांकडे येतात. मुलांना वेळ नसतो, म्हणून त्यांची रवानगी गरम पाण्याच्या झऱ्यांच्या गावी होते. तिथे रात्रभर गोंगाट. तक्रार मात्र एक नाही. उलट, आपली मुलं इतरांपेक्षा बरीच म्हणायची, यावर दोघांचं एकमत होतं.

आमचे बाबा रविवारी फोनवर अगदी याच सुरात 'आमचं उत्तम चाललंय, तू काळजी करू नकोस' म्हणतात. ऱ्यूमुळे मला एक सवय लागली आहे: त्यानंतर फोन ठेवायचा नाही, नेमकं काहीतरी विचारायचं. गुडघा कसा आहे? जिना चढताय का? बँकेत कोण जातं? मग जरा वेळ शांतता. मग 'आता विचारतोच आहेस तर...' आणि पुढे वीस मिनिटं.

पुढच्या उन्हाळ्यात दोघं इकडे येणार आहेत. ऱ्यूचे बरेच सिनेमे त्यांना दाखवायचे ठरवले आहेत. 'टोकियो स्टोरी' दाखवावा की नाही, ते मात्र अजून ठरत नाहीये.