दुसऱ्याच्या संगणकावर

अभ्यासकांना लागणारी सॉफ्टवेअरे पेनड्राइव्हवर भरून देण्याचे काम मी ब्रह्मपुरीत करतो. माजी मालगुजारी तलावांवर प्रबंध लिहिणारे विद्यार्थी येतात, वाघ-माणूस संघर्षाच्या नोंदी ठेवणारे येतात, सामूहिक वनहक्क मिळालेल्या गावांच्या सीमा आखणारी पोरे येतात. बहुतेकांचे काम महाविद्यालयाच्या नाहीतर कचेरीच्या संगणकावर चालते, आणि तिथे काही इन्स्टॉल करायचे तर पासवर्ड दुसऱ्याच कुणाकडे असतो. म्हणून सगळा संच एका फोल्डरात हवा, आणि तो फोल्डर कुठेही नेला तरी चालायला हवा.

पायथनची विनपायथन ही आवृत्ती मुळातच तशी बनवलेली आहे. आर ही संख्याशास्त्राची भाषाही पेनड्राइव्हवरून चालते, पण तिची पॅकेजेस कधी कधी गुपचूप त्या संगणकाच्या सी ड्राइव्हवर जाऊन बसतात. ड्राइव्ह काढला की ती मागेच राहतात. त्यासाठी लहानशी बॅच फाइल लिहून लायब्ररीचा पत्ता संचातच वळवावा लागतो. पेनड्राइव्ह आज ई असतो, उद्या एफ, त्यामुळे कुठल्याही पत्त्यात ड्राइव्हचे अक्षर नको. ड्राइव्ह एक्सफॅटमध्ये फॉरमॅट करावा. फॅट32मध्ये 4 जीबीहून मोठी उपग्रह-प्रतिमा मावत नाही.

माझा सर्वांत जास्त वेळ जातो तो क्यूजीआयएस या नकाशा-सॉफ्टवेअरच्या कोऱ्या प्रकल्प-फाइलवर. कारण यूटीएम या नकाशा-प्रक्षेपणाच्या पद्धतीत 78 अंश पूर्व रेखांशाला पट्टा बदलतो. पुणे-मुंबई 43व्या पट्ट्यात, आपली पूर्व विदर्भातली झाडीपट्टी 44व्यात. पुण्याकडचा तयार नमुना तसाच वापरला तर नकाशा दिसायला अगदी बरोबर दिसतो, पण प्रतलावर मोजलेले क्षेत्रफळ फुगते. धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) गावाला 2009 साली सुमारे 1800 हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला. तेवढ्या जंगलावर ही चूक दहा हेक्टरांच्या वर जाते. तेंदूपाने आणि बांबू यांवर ज्या ग्रामसभेचा संसार चालतो, तिच्या कागदावर असा आकडा जाता कामा नये. म्हणून 44वा पट्टा मी आधीच बसवून देतो.

गावांच्या जुन्या याद्या कृतिदेव फॉन्टमध्ये टंकलेल्या असतात. फॉन्ट नसला की त्याच ओळी इंग्रजी अक्षरांचा चिवडा होतात. त्या युनिकोडमध्ये आणून, गावातल्याच माणसाकडून एकेक नाव वाचून घेतल्याशिवाय मी संचात टाकत नाही. रूपांतराचे साधन जोडाक्षरांत हमखास अडखळते.

मदत-पुस्तिका आणि पॅकेजच्या फाइली आतच हव्यात, कारण अभ्यासक जातो तिथे नेट असेलच असे नाही.

तुम्ही असा संच करणार असाल तर त्यात मराठीत एक साधी मजकूर-फाइल ठेवा: कोणती आवृत्ती, कोणत्या तारखेची, कुठून सुरू करायचे. आणि एक प्रत ज्या गावाची माहिती आहे त्या ग्रामसभेकडे द्या. अभ्यासक पदवी घेऊन निघून जातो; नकाशा गावाला पुढेही लागतो.