प्रागच्या स्वयंपाकघरात

सेवानिवृत्तीनंतर एकदा तरी युरोप पाहावयाचा, हा माझा संकल्प. आणि तिकडे जाऊन खावयाचे काय, हा सौभाग्यवतीचा प्रश्न. या संकल्पात आणि प्रश्नात सात-आठ वर्षे निघून गेली. अखेर नोकरीनिमित्त झेक प्रजासत्ताकात स्थायिक झालेल्या आमच्या कन्येने तिकिटेच काढून पाठविली, तेव्हा सौ.चा विरोध मावळला. तिची अट एकच होती : आषाढाच्या अष्टाह्निक पर्वापूर्वी घरी परतले पाहिजे.

सौ.चा कंदमुळांचा व रात्रिभोजनाचा त्याग गेल्या पस्तीस वर्षांचा. माझे मात्र तसे नाही. बँकेची नोकरी म्हणजे बदल्यांची नोकरी. आज या गावची खानावळ, उद्या त्या गावचे विश्रामगृह. बटाटा चालू झाला, मग कांदा दिसला तरी पान बाजूला सारणे बंद झाले. मांस आणि अंडी यांपासून दूर राहिलो, एवढ्यावर मी समाधान मानीत आलो. त्यामुळे आमच्या सामानाचेही दोन भाग झाले. माझ्या बॅगेत कॅमेरा आणि नकाशे. तिच्या बॅगेत दशम्या, खाकरे, भाजणी, मुगाची डाळ, एक छोटा कुकर आणि पाणी गाळावयाची दोन वस्त्रे.

प्राग नगरी पाहताक्षणी मन मोहून घेते. व्ल्टावा नदीच्या एका तीरावर टेकडीवरचा किल्ला, दुसऱ्या तीरावर जुना चौक आणि त्यातील १४१० सालचे खगोलीय घड्याळ. दोन्ही तीरांना जोडणाऱ्या दगडी पुलाची पायाभरणी सम्राट चौथ्या चार्ल्सने १३५७ मध्ये केली. पूल मजबूत व्हावा म्हणून चुन्यात अंडी कालविली होती आणि त्यासाठी गावोगावांहून अंडी मागविली होती, अशी दंतकथा तेथे सांगतात. एका गावाने म्हणे ती फुटू नयेत म्हणून उकडूनच पाठविली! कन्येने ही गोष्ट सांगताच सौ. पुलाच्या तोंडाशीच थांबली. "अहो, मग आता या पुलावरून चालायचं की नाही?" असे तिने इतक्या गंभीरपणे विचारले की ती थट्टा आहे हे समजावयास आम्हांला क्षणभर लागले.

एक गोष्ट मात्र तिच्या मनासारखी होती. जुलैच्या आरंभी तेथे सूर्य रात्री नऊ वाजून गेल्यावर मावळतो. "इतकं मोठं दिवसाचं ताट आपल्याकडे कुठं मिळतं?" असे ती म्हणे. परंतु त्या मोठ्या ताटात पडत होते ते खाकरे आणि मुगाची खिचडी. दुसऱ्याच दिवशी नदीकाठच्या एका भोजनगृहात मी बटाट्याचे गरम सूप मागविले. झेक भाषेत त्याला 'ब्रांबोराच्का' म्हणतात. पत्रकात त्याच्या नावापुढे मांसाचा उल्लेख नव्हता, म्हणून मी काही विचारले नाही. सौ. शेजारी बसून डब्यातील दशमी खात होती.

आईला या देशाची चव कळावी म्हणून कन्येने एक बेत आखला. विनोह्राडी या भागात एक वयस्क बाई आपल्या घरी पाहुण्यांना पारंपरिक झेक स्वयंपाक शिकवितात. विनोह्राडी म्हणजे द्राक्षांचे मळे. एके काळी तेथे खरोखरीच मळे होते. कन्येने आम्हां तिघांसाठी एक दुपार ठरविली आणि 'शाकाहारी' असे कळविले. सौ. तयार झाली, पण निघताना तिने कन्येच्या घरची दोन पातेली, एक डाव आणि गाळणवस्त्र पिशवीत भरले. ट्राममध्ये ती पातेली एकमेकांवर आपटून वाजत होती आणि मी खिडकीबाहेर पाहत होतो. आता हे सांगताना त्या संकोचाचाच संकोच वाटतो.

बाईंची भेट येर्झी चौकातील शेतकरी बाजारात झाली. या चौकात प्लेचनिक या स्लोव्हेनियन वास्तुविशारदाने १९३२ मध्ये पूर्ण केलेले चर्च आहे. त्याच्या रुंद मनोऱ्यात प्रचंड काचेचे घड्याळ आहे. त्याच्या सावलीत जर्दाळू, चेरी, शेपू, नवलकोल यांचे ढीग लागले होते. सुकलेला जर्दाळू आपण सारे खातो. ताजा, केशरी, किंचित लव असलेला जर्दाळू सौ. प्रथमच हातात घेत होती. किलोभर घेतला आणि आम्ही बाईंच्या घरी गेलो.

ओट्यावर सारी तयारी मांडलेली होती. बटाट्याचे सूप, 'हौबोवी कुबा' म्हणजे सुकविलेली अळंबी व लसूण घालून भाजलेले जवाचे पक्वान्न, आणि शेवटी फळे भरलेले 'क्नेडलीकी', अर्थात उकडलेले गोळे. बाईंनी मांसाचा कणही येऊ दिला नव्हता. पाहुण्यांसाठी मनापासून बेत केला होता. आणि सौ. एकेका पदार्थाकडे पाहून हळूच मान हलवीत होती. बटाटा नाही. अळंबी नाही. लसूण नाही. गोळ्यांच्या पिठात अंडे, म्हणून तेही नाही. वरून पेरावयाची निळसर खसखस, ज्या खसखशीच्या उत्पादनात हा देश जगात आघाडीवर आहे, तीही बहुबीज म्हणून नाही. कन्या एकेक 'नाही' भाषांतरित करीत होती आणि बाईंचा चेहरा उतरत चालला होता.

मला राहवेना. मी सौ.ला म्हणालो, "अगं, त्यांनी एवढं केलंय. निदान सूप तरी घे."

त्यावर बाईंना वाटले की सूप कशाचे आहे याची मला शंका आहे. त्यांनी कन्येला समजावून सांगितले : हे सूप मी साध्या पाण्यात करते, निश्चिंत असा, बाहेर मात्र सावध राहा, भोजनगृहांत ब्रांबोराच्का बहुधा हाडांच्या रश्श्यात शिजवितात.

मी गप्प झालो. आठ दिवसांपूर्वीची ती वाफाळती वाटी डोळ्यांसमोर उभी राहिली. त्या भोजनगृहात काय होते हे आता कधीच कळणार नाही. पण मी विचारले नव्हते, एवढे निश्चित. ज्या माणसाने तीस वर्षे कर्जाच्या प्रत्येक कागदावर सही करण्यापूर्वी दहा प्रश्न विचारले, त्याला अन्नाचा घास घेण्यापूर्वी एक प्रश्न विचारण्याची लाज वाटली होती.

सौ. मात्र प्रश्न विचारीत होती. नकार देऊन ती थांबली नाही. "त्यांना विचार," ती कन्येला म्हणाली, "त्यांच्या आजी उपवासाच्या दिवसांत काय करायच्या?"

हा प्रश्न ऐकून बाई उठल्या आणि आतून एक जीर्ण पुस्तक घेऊन आल्या. माग्दालेना दोब्रोमिला रेत्तिगोवा या लेखिकेचे 'दोमात्सी कुखार्शका', म्हणजे घरगुती पाककृतींचे पुस्तक. मूळ आवृत्ती १८२६ सालची. कचेरीत आणि शिकलेल्या घरांत जर्मन भाषेचा वरचष्मा असताना रेत्तिगोवाबाईंनी ते झेक भाषेत लिहिले आणि आपल्याकडे 'रुचिरा' पोचली तसे ते घराघरांत पोचले. त्याच्या लांबलचक शीर्षकात, मांसाचे आणि उपवासाचे पदार्थ, असे दोन्ही शब्द आहेत. ईस्टरपूर्वीच्या चाळीस दिवसांच्या व्रतात आणि इतर नेमक्या दिवशी मांस वर्ज्य असे. त्यासाठी वेगळे पदार्थ होते. नाताळच्या आदल्या दिवशी लहान मुलांनी संध्याकाळपर्यंत काही खाल्ले नाही, तर त्यांना भिंतीवर सोन्याचे डुकराचे पिल्लू दिसते, असे तेथे अजून सांगतात. मांसत्यागाचे फळ म्हणून डुक्कर! सौ. हसली, परंतु दशलक्षणात आमच्या मुलांना एकासनासाठी दाखविलेली लहानमोठी प्रलोभने तिलाही आठवली असणार.

मग दोघींनी नवा बेत ठरविला. मी सुचविले की कुबाही अळंबी व लसूण वगळून करता येईल. बाईंनी ठाम नकार दिला. अळंबीवाचून तो कुबा नव्हे, नुसते शिजविलेले जव. त्याला मी ते नाव देणार नाही, असे त्या म्हणाल्या. सौ.ला हे फार आवडले. "बाई नियमाच्या पक्क्या आहेत," ती मला म्हणाली.

प्रथम झाली 'ह्राखोवा काशे'. सोललेल्या सुक्या वाटाण्याची डाळ मऊ शिजवून घोटावयाची, त्यात मीठ आणि एक वाळलेला पाला चुरून घालावयाचा. एरवी वरून तळलेला कांदा घालतात, तो वगळला. पाला तळहातावर चुरताच सौ. चमकली. "अहो, हा तर मरवा!" खरोखरीच मरवा होता. आपण जो गजऱ्यात माळतो, तो तेथे 'माजोरांका' या नावाने रोजच्या आमटीभाजीत पडतो. सौ.ने खुणेनेच आपला अंबाडा दाखवून त्याचा आपल्याकडील उपयोग सांगितला, तेव्हा बाईंनी एक काडी स्वतःच्या केसांत खोवली.

नंतर क्नेडलीकी. तेथे गव्हाचे पीठ दुकानात भरडपणानुसार तीन प्रकारांत मिळते : 'ह्लादका' म्हणजे मऊ, 'पोलोह्रुबा' म्हणजे निमजाड आणि 'ह्रुबा' म्हणजे जाड. ह्रुबा हे आपला मैदा आणि बारीक रवा यांच्या मधले. अंड्यावाचून ते बांधले जाईल का, ही बाईंची चिंता होती. जुन्या पद्धतीत उकळते दूध पिठावर ओतून पीठ मळतात, असे त्या म्हणाल्या. पण त्यातही त्या एक अंडे घालतात. "म्हणजे उकड!" सौ. म्हणाली आणि बाह्या सावरून पुढे झाली. पाव लिटर दूध, चिमूटभर मीठ, पाव किलो पीठ. झाकण ठेवून वाफ जिरू दिली आणि गरम असतानाच ओल्या हाताने तिने ते मळले. जर्दाळूची बी काढून त्या जागी साखरेचा खडा ठेवला, पारी करून गोळा बंद केला. पाणी तिने आपल्या वस्त्रातून गाळून आपल्याच पातेल्यात उकळत ठेवले होते.

पहिला गोळा फुटला. जर्दाळू पाण्यावर तरंगू लागला आणि बाईंनी अंड्यांच्या टोपलीकडे पाहिले. सौ.ने शांतपणे पारी थोडी जाड केली, कड पुन्हा दाबली. पुढचा गोळा तळाशी गेला, सात-आठ मिनिटांनी सावकाश वर आला आणि अखंड राहिला. बाहेर काढताच बाईंनी त्याला काट्याने टोचले. आतली वाफ निघून गेली नाही तर गोळा जड होतो.

राहिला लोण्याचा प्रश्न. शिळे लोणी सौ.ला चालत नाही, हे समजावणे कठीण जाईल असे मला वाटले. बाईंनी कपाटातून एक बरणी काढली : आजीच्या पद्धतीने मंद आचेवर कढवून, गाळून ठेवलेले लोणी. ते आपले तूपच. ते वर सोडले, पिठीसाखर आणि दालचिनी भुरभुरली. घड्याळात सात वाजले होते आणि खिडकीतून ऊन ताटावर पडले होते. बाई 'दोब्रोउ खुत्य' म्हणाल्या. सावकाश जेवा, असे आपण म्हणतो तसे. सौ.ने त्या परक्या देशात प्रथमच परक्याच्या घरचे अन्न खाल्ले, आणि दुसऱ्यांदा मागून घेतले.

परतताना आम्ही पुलावर थांबलो. कन्या पुढे गेली होती. मी सौ.ला त्या सुपाविषयी सांगितले. ती नदीकडे पाहत म्हणाली, "मला त्याच दिवशी वाटलं होतं. एरवी काहीही घेताना तुम्ही मला विचारता, 'हे तुला चालेल का?' त्या दिवशी विचारलं नाहीत."

तिने मला दोष दिला नाही. दुसऱ्या दिवशी मी उपवास केला. त्याची कोणी मागणी केली नव्हती.

त्या देशी जाणाऱ्या वाचकांसाठी थोडे शब्द लिहून ठेवतो. 'बेझ' म्हणजे शिवाय. 'बेझ मासा' मांसाशिवाय, 'बेझ वायेत्स' अंड्यांशिवाय, 'बेझ त्सिबुले' कांद्याशिवाय, 'बेझ चेस्नेकु' लसणाशिवाय. 'मासो' म्हणजे मांस आणि 'मेद' म्हणजे मध, हे शब्द आपल्याला ओळखीचे वाटतील. मात्र 'मास्लो' म्हणजे लोणी, तेथे गल्लत करू नये. सूप कशात शिजविले आहे, हे अवश्य विचारावे.

मुनिराजांच्या आचारात एषणा समिती सांगितली आहे. आहार पारखून घ्यावा. गृहस्थाला तेवढे साधत नाही, पण विचारणे तरी साधते. विचारल्याने यजमानाचा अपमान होतो, अशी माझी आयुष्यभराची समजूत होती. विनोह्राडीतील त्या बाईंनी सौ.च्या प्रश्नामुळेच आजीचे पुस्तक आणि आजीची बरणी बाहेर काढली. मी म्हटल्याप्रमाणे तिने मुकाट्याने सूप घेतले असते, तर ती दोन्ही कपाटातच राहिली असती.

घरी परतल्यावर सौ.ने आलुबुखार घालून, मैदा आणि बारीक रव्याच्या उकडीचे क्नेडलीकी केले. कन्येमार्फत त्यांचे छायाचित्र बाईंना गेले. उत्तर आले : कडा माझ्यापेक्षा चांगल्या मिटल्या आहेत. आमच्या अंगणातील मरव्याची दोन पाने आता अधूनमधून वाटाण्याच्या डाळीत पडतात. बटाटा मी पुलावरच्या त्या संध्याकाळपासून सोडला आहे.