पारच्या पुलाबद्दल आता मला काय वाटते

पाहुण्यांना प्रतापगडला नेले की मी आवर्जून पायथ्याच्या पार गावातला दगडी पूल दाखवत असे. कोयनेवरचा हा पूल शिवकालीन मानला जातो. त्यावरून अजून गाड्या जातात, हे सांगताना ऊर भरून यायचा. जुनी वास्तू वापरात राहिली तरच तिची निगा राखली जाते, असे माझे पक्के मत होते. आज वाटते, त्या पुलावरून फक्त माणसांनी चालावे.

मत फिरले ते सावित्री नदीमुळे. २ ऑगस्ट २०१६ च्या रात्री महाडजवळचा ब्रिटिशकालीन दगडी पूल पुरात गेला. वाहून गेलेल्या दोन एसट्यांपैकी एक राजापूर-बोरिवली. आमच्या नवघर भागात कोकणातली कितीतरी घरे आहेत. ती गाडी इथे कोणालाच परकी नव्हती. पूल मुंबई-गोवा महामार्गावरचा, रात्रंदिवस वापरातला. मग निगेचे काय झाले?

दगडी कमान वजनाला सहजी हार जात नाही; भाराने तिचे दगड उलट घट्ट बसतात. तिचे दुखणे बहुधा खाली असते. पूर खांबांच्या पायाखालची वाळू उकरतो, पाणी झिरपून सांध्यांतला चुना सुटतो, फटीत पिंपळ रुजतो. वर डांबर गुळगुळीत असले की खाली कोण वाकून बघणार? आणि नीट तपासून दुरुस्त करायचे तर वाहतूक थांबवावी लागते. घोडबंदरचा जुना वर्सोवा पूल दुरुस्तीला काढला की काय रांगा लागत, ते आम्ही भोगले आहे. म्हणून तर पूल बंद करायला कोणी धजत नाही. वापरच दुरुस्तीच्या आड येतो, हे माझ्या ध्यानातच आले नव्हते.

पुण्यात बंडगार्डनचा १८६७ चा फिट्झगेराल्ड पूल शेजारी नवे पूल झाल्यावर गाड्यांच्या ओझ्यातून सुटला. आता लोक तिथे पायी फिरतात, कठड्याशी थांबून नदी बघतात. पूल जुना म्हणून कोणी पाडला नाही, की राबवून संपवला नाही.

पारच्या लोकांची वाट मात्र तोडू नये. दूध, दवाखाना, शाळा सगळे रस्त्यावरच अवलंबून. त्यांना आधी दुसरा पूल बांधून द्यावा, मगच जुन्याच्या दोन्ही तोंडांना गाड्या अडवणारे दगड रोवावेत. खर्च होईल. तो करावा, असे मी आता म्हणतो.