ब्रह्मदेवाचा मनोरा

जग बुडवण्याचे सामर्थ्य एके काळी माझ्या चड्डीच्या खिशात होते.

त्या दिवाळीत काका आले ते एक लाकडी खेळणे घेऊन. फळीवर तीन खुंट्या आणि पहिल्या खुंटीत रचलेल्या आठ चकत्या. सर्वांत मोठी तळाशी, सर्वांत लहान शेंड्यावर. एका वेळी एकच चकती उचलायची, लहान चकतीवर मोठी ठेवायची नाही आणि अख्खा मनोरा दुसऱ्या खुंटीवर न्यायचा. काका गणिताचे मास्तर, पण त्या दिवशी ते पुराणिकबुवांच्या सुरात सांगू लागले, "काशीत एक देऊळ आहे. तिथे हिऱ्याच्या तीन सुया आणि सोन्याच्या चौसष्ट चकत्या. सृष्टी रचली त्याच दिवशी ब्रह्मदेवाने त्या मांडल्या. पुजारी रात्रंदिवस त्या हलवीत असतात. शेवटची चकती बसली, की वीज कडाडेल आणि देऊळ, पुजारी, जग, सगळ्याचे पीठ होईल!"

एवढे बोलून काका चकलीकडे वळले. माझ्या घशाखाली मात्र काही उतरेना.

आठ चकत्यांना कमीत कमी २५५ खेळ्या लागतात. दोन दिवस खपून मी २५४ खेळ्यांपर्यंत पोहोचलो आणि उरलेली, रुपयाएवढी चकती खिशात टाकली. आपल्या हातून नको! पण रात्री डोळे मिटले, की काशीतले हात दिसत. ते थोडेच थांबणार होते?

आणि तुळशीचे लग्न होताच आजी यात्रेला निघाली. नेमकी काशीलाच! आदल्या रात्री मी तिला सारे सांगून टाकले. वाती वळता वळता तिने ऐकले. हसली नाही.

"मग काय सांगू रे त्यांना?"

"म्हणावे, जरा हळू."

महिन्याने आजी गंगेचे गडू घेऊन परतली. मावंद्याच्या गडबडीतही मला जवळ ओढून म्हणाली, "सांगितले हो मी. नीज आता निर्धास्त." त्या रात्री मी खिशातली चकती मनोऱ्यावर ठेवली. काही झाले नाही.

पुढे कॉलेजात गेल्यावर हिशेब मांडला. तळची चकती हलवायची तर वरचा सारा डोलारा आधी उतरवायचा आणि मग पुन्हा चढवायचा. म्हणजे एक चकती वाढली, की खेळ्या दुप्पट आणि वर एक. चौसष्ट चकत्यांना खेळ्या लागतात १,८४,४६,७४,४०,७३,७०,९५,५१,६१५. सेकंदाला एक खेळी धरली, तरी सुमारे ५८ हजार कोटी वर्षे! विश्वाचे आजवरचे वय शास्त्रज्ञ सुमारे १,३८० कोटी वर्षे सांगतात. त्याच्या बेचाळीस पट. ज्या गणितात शाप होता, त्याच गणितात उःशापही होता. काकांना तो ठाऊक असणारच. पण मास्तर माणूस, उत्तर आधी कशाला सांगेल!

देऊळही खोटेच निघाले. एदुआर ल्यूका या फ्रेंच गणितज्ञाने १८८३ साली हे खेळणे बाजारात आणले आणि त्यासोबत ही काशीची कथा जोडून दिली. स्वतःचे नावदेखील त्याने घातले नव्हते. आडनावाची अक्षरे उलटसुलट करून सयामचा कोणी 'क्लाउस' उभा केला होता. गृहस्थ मोठा मिस्कील!

पण मग आजीने निरोप दिला तरी कोणाला?

ती गेल्यावर कितीतरी वर्षांनी हे मी आत्याला विचारले. आत्या यात्रेत तिच्याबरोबर होती. "अरे, दोन दुपारी तिने मला काशीच्या गल्ल्यांतून फिरवले," आत्या म्हणाली. "दिसेल त्या देवळात शिरून विचारायची, हिऱ्याच्या सुया कुठे आहेत म्हणून. पंडे हसायचे. शेवटच्या दिवशी घाटाच्या पायरीवर एक म्हातारा ब्राह्मण जपमाळ ओढीत बसला होता. वहिनीने त्याच्यापुढे चार आणे ठेवले, नमस्कार केला आणि आपल्या मराठीतच म्हणाली, 'बुवा, जरा हळू.'"

"मग?"

"त्याला काय कळणार? पण त्याने मान हलवली, आणि पुढचा मणी अगदी सावकाश ओढला."