हलवा

मकरसंक्रांतीस काळ्या चंद्रकळेवर ज्याचे दागिने खुलून दिसतात तो हलवा, आणि कोळणीच्या पाटीत पापलेटाच्या शेजारी पडलेला काळसर, चपटा, रुंद अंगाचा मासा तोही हलवा, ही गोष्ट समुद्रकाठी वाढलेल्या माणसाच्या इतकी अंगवळणी पडलेली असते की साखरेचा दाणा आणि दर्यातला जीव ही दोन टोके एकाच शब्दाने कशी सांधली गेली, असा प्रश्न त्याच्या मनात सहसा उद्भवत नाही. माझ्याही मनात तो पुष्कळ वर्षे उद्भवला नाही. पण एकदा उद्भवल्यावर मात्र त्याने माझा पिच्छा सोडला नाही, आणि आयुष्याच्या निरनिराळ्या मुक्कामांवर त्याचे उत्तर थोडेथोडे करून माझ्या पदरात पडत गेले.

माझे बालपण अलिबागेस गेले. जिल्ह्याचे नाव तेव्हा कुलाबा होते. रायगड हे नाव त्याला १९८१ साली मिळाले. वडील मामलेदार कचेरीत अव्वल कारकून होते, आणि आम्ही चांद्रसेनीय कायस्थ प्रभू असल्यामुळे व्रतवैकल्ये आणि मासळी या दोहोंचा आमच्या घरात सारखाच मान होता. पौष लागला की आत्याबाई माजघरात शेगडी घेऊन बसत. मंद निखाऱ्यावर परात, परातीत मूठभर खसखस, शेजारी साखरेचा एकतारी पाक. चमच्याने त्या पाकाचे थेंब सोडायचे आणि लगेच बोटांच्या अग्रांनी दाणे फिरवत राहायचे, थेंब सुकला की पुन्हा थेंब, पुन्हा फिरवणे. आच वाढली तर साखर पिवळी पडते, हात थांबला तर दाणे एकमेकांस चिकटतात, आणि पाक अधिक पडला तर सगळ्याचा गोळा होतो. दोन-तीन दिवस असे बैठक मारून काम केल्यावर त्या खसखशीच्या कणांवर सूक्ष्म, शुभ्र, टोकदार अंकुर फुटू लागत, आणि आत्याबाई परातीवर वाकून समाधानाने म्हणत, “काटा आला गं.” हलवावा लागतो म्हणून हलवा, अशी त्या शब्दाची त्यांनी लावलेली उपपत्ती होती, आणि त्यांच्या त्या लाल झालेल्या बोटांकडे पाहिल्यावर ती खोटी म्हणण्याची कोणाची छाती नव्हती. माझ्या लग्नानंतरच्या पहिल्या संक्रांतीस त्यांनी स्वतः केलेल्या हलव्याचे तन्मणी, बाजूबंद आणि मंगळसूत्र मी अंगावर घातले. तितके जड दागिने सोन्याचेही मला कधी वाटले नाहीत, कारण त्यांतल्या प्रत्येक दाण्यामागे किती थेंब आहेत ते मी डोळ्यांनी पाहिले होते.

दुसरा हलवा येई तो परसदारी. कोळीण पाटी उतरवी, वरचे ओले फडके बाजूला सारी, आणि आईने नाक मुरडण्याच्या आतच कल्ला उचलून त्याच्या आतली लाली दाखवीत म्हणे, “ताजा हाय गो बाय, बघ की.” आई कल्ला पाही, बोटाने पाठ दाबून पाही, आणि मग मला जवळ बोलावून त्या माशाची खरी खूण शिकवी. पापलेट अंगाला हात लावला की गुळगुळीत आणि रुपेरी. हलव्याचे अंग राखी-तपकिरी, बारीक खवल्यांनी भरलेले, आणि शेपटीच्या बुंध्याशी, जिथे शरीर एकदम निमुळते होते तिथे, शेपटीकडून डोक्याकडे बोट फिरवले की बोटाला काहीतरी अडते. तेथे कठीण खवल्यांची एक छोटीशी कड असते. अंधारात जरी पाटीत हात घातला तरी या कडेवरून हलवा ओळखता येतो, असे आई सांगे. मग कोयत्यावर त्याच्या आडव्या तुकड्या पडत. डोके आणि शेपटी कालवणात, मधल्या रुंद तुकड्या हळद-तिखट-आमसुलात मुरवून तांदळाच्या पिठात घोळवून तव्यावर, ही वाटणी ठरलेली असे.

एका हलव्याला काटा यावा म्हणून आत्याबाई शेगडीपाशी बसून राहत, आणि दुसऱ्याचा काटा धाकट्याच्या घशात जाऊ नये म्हणून आई त्याचा घास स्वतः मोडून देई. पहिला घास तोंडात गेला की आई आम्हाला विचारी, “गोड आहे ना?” मीठ, तिखट, आमसूल यांनी माखलेल्या माशाला गोड कसे म्हणावे, असे घाटावरचे पाहुणे विचारीत, पण किनाऱ्यावर ताज्या मासळीची याहून मोठी प्रशस्ती नाही. जो मासा दर्यातून थेट चुलीवर आला, ज्याच्या मांसाला अद्याप बर्फाचा किंवा उन्हाचा स्पर्श झाला नाही, त्याच्या चवीत एक सौम्य माधुर्य असते, आणि ते ओळखू येणे हीच मासे खाणाऱ्याची दीक्षा. माशाच्या नावातला हलवा समजण्याची किल्ली आईच्या त्या प्रश्नात होती.

पापलेट या नावाची हकीकत मला आजोळी उमगली. आजोळ रेवदंड्यास. सोळाव्या शतकापासून १७४० पर्यंत तेथे पोर्तुगिजांचा अंमल होता, आणि खाडीपलीकडच्या कोर्लई गावात पोर्तुगीज भाषेपासून घडलेली एक बोली अजूनही घरोघर बोलली जाते. आमच्या नित्याच्या बोलण्यात चावी, पगार, बटाटा, तुरुंग हे शब्द त्याच लोकांनी ठेवलेले. बंदरावर मासळीचा जो लिलाव पुकारला जातो तो लिलाव शब्दही त्यांचाच. पापलेट त्याच गलबतातून उतरले. युल आणि बर्नेल यांनी १८८६ साली प्रसिद्ध केलेल्या हॉब्सन-जॉब्सन या कोशात पॉम्फ्रेट हे इंग्रजी नाव द्राक्षवेलीच्या पानाला पोर्तुगीज भाषेत जो शब्द आहे त्याच्याशी जोडलेले आहे. त्या रुंद, दोन्ही बाजूंनी निमुळत्या माशाकडे पाहून लिस्बनच्या खलाशाला आपल्या गावच्या द्राक्षमळ्याची आठवण व्हावी, यात मला मोठे करुण असे काही दिसते. ज्या किनाऱ्यावर द्राक्षाचा वेल नव्हता तेथे त्याने तो माशात पाहिला. अलेक्झांडर हॅमिल्टन या प्रवाशाने १७२७ साली छापलेल्या आपल्या वृत्तांतात बालेश्वरच्या किनाऱ्यावर हेच मासे शेकड्याला दोन पेन्स दराने मिळत असल्याची नोंद केली आहे. आजच्या बाजारात पापलेटाचा भाव विचारणाऱ्या गृहिणीने ती नोंद न वाचलेलीच बरी.

लग्नानंतर मुंबईस आल्यावर ससून डॉक पाहिला. १८७५ साली बांधलेल्या या गोदीत पहाटे लिलाव सुरू झाला की नाखवा, तांडेल, खलाशी, बंदर, दर्या या शब्दांचा असा कल्लोळ उठतो की त्यांतले बरेचसे शब्द फारसीच्या वाटेने आपल्याकडे आले आहेत हे ध्यानातही येत नाही. दर्यावरचे आपले दप्तर पूर्वापार त्याच भाषेच्या आधाराने चालत आले. शिवछत्रपतींच्या आरमारातला दर्यासारंग हा हुद्दाही त्याच परंपरेतला. गोदी बांधणारे ससून घराणे मूळचे बगदादचे. डेव्हिड ससून बगदाद सोडून इराणच्या बुशहर बंदरावरून मुंबईस आले, आणि त्यांचे चिरंजीव अब्दुल्ला, अर्थात आल्बर्ट, यांनी ही गोदी उभी केली. त्या फरसबंदीवर ओळीने मांडलेल्या हलव्यांकडे पाहताना बुशहर या नावाचा त्यांच्याशी काही संबंध असेल अशी शंकाही मला त्या वेळी आली नाही.

ती आली कुवेतमध्ये. यजमानांची नोकरी तेथे होती, आणि परक्या मुलखात पाऊल टाकल्यावर किनाऱ्यावरची बाई प्रथम जे करते तेच मीही केले: मासळीबाजार गाठला. तेथे पापलेटाचे राज्य. त्याला ते झुबैदी म्हणतात, आणि अरबी भाषेत झुब्दा म्हणजे लोणी; मांसाची मृदुता पाहून दिलेले नाव. त्याच्या शेजारी आमचा काळा, रुंद, शेपटीला कड असलेला गडी. मी बोट दाखवले, विक्रेता म्हणाला, “हलवायू.” मी तो शब्द पुन्हा विचारला, आणि त्याने तो पुन्हा तसाच सावकाश उच्चारला. अंगावर शहारा येणे म्हणजे काय ते मला त्या बर्फाच्या ढिगापुढे कळले. संध्याकाळी शेजारच्या इराणी बाईंना हे सांगितले. त्या बुशहरच्या. त्यांना माझ्या आश्चर्याचेच आश्चर्य वाटले, कारण त्यांच्या किनाऱ्यावर काळा तो हलवा सियाह आणि पांढरे पापलेट तो हलवा सफीद, दोघेही हलवेच. का, असे विचारता त्या म्हणाल्या, दुसरे काय म्हणणार, गोड असतो ना.

म्हणजे आईचा प्रश्न आणि बुशहरच्या बाईंचे उत्तर अरबी समुद्राच्या दोन काठांवर एकमेकांची वाट पाहत उभे होते. कोणी कोणाकडून नाव घेतले याचा दस्तऐवज माझ्यापाशी नाही, तथापि हे नाव गलबतांतून आले याबद्दल माझ्या मनात तिळमात्र संशय नाही. बसऱ्याचा खजूर घेऊन अरबी गलबते आपल्या पश्चिम किनाऱ्यावर येत आणि मलबारचे सागवान भरून परत जात. आखातातले मोती मुंबईस येऊन विकले जात. आणि कुवेतात १९६१ साली दिनार येईपर्यंत व्यवहार रुपयात होत असे. ज्यांच्या थैलीत एकच नाणे खुळखुळत होते त्यांच्या ताटातल्या माशाला एकच नाव असावे, हे किती स्वाभाविक! संक्रांतीचा हलवाही त्याच अरबी मुळातला, माधुर्यवाचक धातूपासून निघालेला. आत्याबाईंची परात आणि कोळणीची पाटी या एकाच बंदरावर उतरलेल्या दोन वस्तू होत्या.

आता शास्त्राचे सांगते, कारण हलवा हा पापलेटाहून निराळाच मासा आहे या माझ्या म्हणण्याला त्याचा भक्कम आधार आहे. बर्लिनचा वैद्य मार्कुस ब्लॉख याने १७९५ साली हलव्याला शास्त्रीय नाव दिले ते पापलेटाच्याच गोत्रात घालून; रूप पाहता ते समजण्यासारखे आहे, कारण दोघेही चपटे, दोघेही रुंद, आणि वयात आल्यावर दोघांच्याही पोटाखाली पर नसतात. परंतु हलव्याच्या पिलांना ते पर असतात आणि वाढीबरोबर नाहीसे होतात. आणि शेपटीची ती कठीण कड, जिच्यावर आईने माझे बोट फिरवले होते, ती पापलेटाच्या कुळात नाहीच. ती कॅरॅन्जिडी या अगदी वेगळ्या कुळाची खूण. आज शास्त्रज्ञ हलव्याला त्याच कुळात ठेवतात, आणि पॅरास्ट्रोमॅटियस नायजर असे संबोधतात. म्हणजे इंग्रजीत त्याला जे ब्लॅक पॉम्फ्रेट म्हणतात ते मुळातच निराधार आहे: तो पॉम्फ्रेट नव्हे, मग काळा कुठला?

येथे आपल्या भाषेचा मला अतिशय अभिमान वाटतो. इंग्रजाने दोघांना पॉम्फ्रेट म्हटले आणि रंगाने वेगळे केले. इराण्याने दोघांना हलवा म्हटले आणि रंगाने वेगळे केले. मराठी माणसाने मात्र एकाला पश्चिमेच्या दूरच्या खलाशाने आणलेले नाव दिले, दुसऱ्याला आखातातले, आणि दोन माशांना दोन स्वतंत्र नावे ठेवून बाजारात शेजारीशेजारी मांडले. जी विभागणी शास्त्राला प्रथमदर्शनी साधली नाही ती पाटीत हात घालणाऱ्या आमच्या कोळणींच्या बोलण्यात अबाधित राहिली.

ही विभागणी आता पुसली जात आहे, आणि त्याचे मला दुःख होते. पुण्यामुंबईच्या चकचकीत दुकानांत, घरपोच येणाऱ्या पाकिटांवर, हॉटेलांच्या खाद्यपत्रिकांवर हलव्याचे नाव ब्लॅक पॉम्फ्रेट असे छापलेले असते, आणि मराठीत लिहिण्याची कोणी तसदी घेतलीच तर काळे पापलेट. हे केवळ भाषांतर नव्हे. हा मानभंग आहे. हलवा म्हटले की तो स्वतः कोणीतरी असतो. काळे पापलेट म्हटले की तो खऱ्या पापलेटाची निकृष्ट, रंगाने उणी प्रत होतो, आणि ज्याच्या खिशाला खरे परवडत नाही त्याने नाइलाजाने घ्यावयाची वस्तू ठरतो. माझ्या परिचयाच्या एका तरुण सुनेने मला अगदी मनापासून सांगितले की ती हलवा आणीत नाही, कारण तो ‘पापलेटाचा हलका माल’ आहे. तिचा दोष नाही. पाकिटाने तिला तसे शिकवले. तिला मी घरी बोलावून हलव्याचे कालवण वाढले, आणि त्याआधी स्वयंपाकघराच्या मोरीपाशी उभे करून शेपटीवरून तिचे बोट फिरवले.

सप्टेंबर २०२३ मध्ये महाराष्ट्र शासनाने रुपेरी पापलेटाला राज्यमाशाचा मान दिला. पापलेट त्या मानाला सर्वस्वी पात्र आहे, आणि त्याच्या घटत्या संख्येची काळजी या निमित्ताने वाहिली जाणार असेल तर मला आनंदच आहे. माझी मागणी त्याहून पुष्कळ लहान आहे, आणि तिला शासकीय निर्णयाचीही गरज नाही. जे व्यापारी मासळी पाकिटात घालून विकतात त्यांनी पाकिटावर देवनागरीत, ठळक अक्षरांत, हलवा असे छापावे. आणि ज्या गृहिणी ते विकत घेतात त्यांनी ते नाव छापलेले नसेल तर दुकानदाराला विचारावे, आणि त्याने काळे पापलेट म्हणून उत्तर दिले तर ते पाकीट परत ठेवून पुन्हा एकदा, त्याच नावाने, मागावे.