एक अर्धी राहिलेली गोष्ट

घरबसल्या थोरामोठ्यांच्या मुलाखती पाहणें ही गोष्ट आजच्या मुलांस कांहीं नवलाची राहिलेली नाहीं. आमच्या लहानपणीं मात्र तें मोठें अप्रूप होतें.

मुंबईचें दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजीं सुरू झालें. त्यावरील 'गजरा' या मराठी कार्यक्रमांत लहान लहान विनोदी प्रवेश गुंफलेले असत. 'फूल खिले हैं गुलशन गुलशन' हा हिंदी कार्यक्रम तर १९७२ पासून १९९३ पर्यंत चालला. त्यांत तबस्सुमबाई चित्रपटांतील मंडळींशीं गप्पा मारीत, व मधून मधून गाणीं दाखविलीं जात. बाई स्वतः लहानपणींच बालनटी म्हणून पडद्यावर आलेल्या. त्यांचें विचारणें घरगुती असे. त्यामुळें पाहुणा मोकळेपणीं बोले.

सन १९९० च्या उन्हाळ्याच्या सुटींत आम्ही आईबरोबर नंदुरबारहून मुंबईस मावशीकडे गेलों होतों. एके दिवशीं हाच कार्यक्रम चालला होता. पाहुण्याच्या बालपणाची गोष्ट निघाली, तेव्हां आई हळूच म्हणाली, "मी पहिल्या दिवशीं शाळेला निघालें, तेव्हां नाल्याला पूर आला होता. बाबांनीं मला खांद्यावर घेतलं, आणि..."

इतक्यांत गाणें लागलें. "आई, गप्प बस ना गं!" आम्ही ओरडलों. मावशीचीं मुलें हंसलीं. आईही हंसली, व पदर सांवरून गप्प झाली.

पुढें आम्ही शिक्षक झालों. अक्कलकुवा, धडगांवकडील मुलें पावसांत भिजत शाळेंत येत, तेव्हां ती गोष्ट आठवे. तो नाला कसा ओलांडला, हें आईस आज विचारूं, उद्यां विचारूं, असें म्हणतां म्हणतां वर्षें गेलीं, आणि आईही गेली. १८ नोव्हेंबर २०२२ रोजीं तबस्सुमबाई निवर्तल्या. ती वार्ता वाचली, तेव्हां त्या दिवशींचें गाणें कोणतें होतें, हें आम्हांस कांहीं केल्या आठवेना. आईचें तें 'आणि' मात्र कानांत तसेंच होतें.

विद्यार्थ्यांनो, येत्या सुटींत आजीजवळ बसा, तिला एखादा प्रश्न विचारा, आणि तिचें सांगून होईपर्यंत मध्यें बोलूं नका. पालकहो, मुलांनीं न विचारलें तरी आपण सांगा. आणि मुलांनीं मध्येंच थांबविलें, तर दुसऱ्या दिवशीं पुन्हां सांगा.