दर नाताळला एकोणीस वर्षांची

लिबुशे शाफ्रांकोवा मला उलट्या क्रमाने भेटली. आधी प्रौढ, मग तरुण.

पुण्यात एका फिल्म सोसायटीत ‘कोल्या’ पाहिला, तेव्हा त्याला परदेशी चित्रपटाचं ऑस्कर मिळून फार दिवस झाले नव्हते. प्रागमध्ये अंत्यविधीला चेलो वाजवून पोट भरणारा लौका आणि तिथेच गाणारी क्लारा. क्लारा म्हणजे लिबुशे. भूमिका छोटीच, पण ती समोर असली की लौकाचा बेरकीपणा हमखास उघडा पडायचा. नाव मात्र तेव्हा लक्षात राहिलं नाही.

पुढे नोकरीने ऑस्लोला नेलं. तिथे २४ डिसेंबरच्या सकाळी सरकारी टीव्हीवर ‘सिंड्रेलासाठी तीन नट्स’ लागतो आणि अख्खं घर पडद्यासमोर बसतं. १९७३चा हा चेक-पूर्व जर्मन चित्रपट, दिग्दर्शक वात्स्लाव व्होर्लिचेक. गंमत म्हणजे नॉर्वेजियन आवृत्तीत राजा, सावत्र आई, राजपुत्र, सगळ्यांचे संवाद क्नुट रीसान नावाचा एकच नट बोलतो. सिंड्रेलाचेसुद्धा! मला हसू आवरेना. बाकीचे गंभीर.

पण आवाज कुणाचाही असो, चेहरा क्लाराचाच होता, एकोणीस वर्षांचा. ही सिंड्रेला चुलीपाशी रडत बसत नाही. घोडा दामटते, राजपुत्राला बर्फाचा गोळा हाणते, नेम धरून झाडाच्या शेंड्यावरचं पाइनफळ पाडते. नाचाच्या रात्रीही राजपुत्र लग्नाचं बोलतो, तर ही त्यालाच कोडं घालते. पटकथाकार फ्रांतिशेक पाव्लिचेक यांच्यावर तेव्हा सरकारी बंदी होती, म्हणून श्रेयनामावलीत दुसऱ्याच बाईंचं नाव आहे. कोणत्या काळात ही खट्याळ मुलगी घडली, ते यावरून समजावं.

मग मी तिचे चित्रपट शोधू लागलो. १९७१चा ‘बाबिच्का’ सिंड्रेलाच्याही आधीचा, आणि दोन्हींचं मूळ बोझेना न्येम्त्सोवाच्या लेखनात. १९८५च्या ‘वेस्निच्को मा स्त्रेदिस्कोवा’त ती गावातल्या तुरेकची बायको आहे. १९९१च्या ‘ओबेत्स्ना श्कोला’त युद्ध नुकतंच संपलेल्या प्रागच्या वेशीवरची आई.

९ जून २०२१ रोजी, अडुसष्टावा वाढदिवस होऊन दोनच दिवस झाले असताना ती गेली. बातम्यांत फोटो अर्थातच सिंड्रेलाचे. लोकांचं चुकत नाही, पण त्या एका मुकुटाखाली चांगली अभिनेत्री झाकली गेली, हेही खरं. तिचा एकच चित्रपट पाहायचा असेल, तर माझं ऐका, ‘ओबेत्स्ना श्कोला’ पाहा. सिंड्रेला कुठेही भेटेल.